कल्पित जगातील स्वयंप्रकाशी जादुई खनिज वाचकाला पटेल असे कसे रचावे?

आपल्या कादंबरीतील अंधारात आपोआप उजळणारे दुर्मीळ खनिज केवळ शोभेचे वाटते, अशी आपली अडचण आहे. माझ्या मते, तो प्रकाश कोठून येतो आणि कधी संपतो हे आपण ठरवलेले नाही, हेच त्यामागचे कारण असावे. प्रत्यक्ष जगात याचे दोन उत्तम नमुने आहेत. सतराव्या शतकाच्या आरंभी इटलीतील बोलोन्याजवळ सापडलेला बराइट दगड कोळशासह भाजून उन्हात ठेवला की नंतर अंधारात काही काळ चमकत असे. म्हणजे त्याचे तेज उसने होते. याउलट, १८९८ मध्ये मेरी व पिएर क्युरी यांनी शोधलेल्या रेडियम या किरणोत्सर्गी मूलद्रव्याची ऊर्जा त्याच्याच विघटनातून येते. त्याचा अर्धायुकाल, म्हणजे त्यातील निम्मा भाग विघटित होण्यास लागणारा काळ, सुमारे १६०० वर्षे असला, तरी घड्याळाच्या तबकड्यांवरील रेडियमयुक्त रंग त्याहून फार लवकर मंदावला, कारण प्रत्यक्ष प्रकाश देणारे झिंक सल्फाइड त्या किरणोत्सर्गानेच निकामी होत गेले. कुंचल्याचे टोक ओठांनी सावरत तो रंग लावणाऱ्या कामगार स्त्रियांपैकी अनेकींना तर प्राणास मुकावे लागले.

कथेसाठी मला हा दुसरा नमुना अधिक सकस वाटतो. आपले खनिज ते खणणाऱ्याच्या स्मृतीवर पोसले जाते असे मानल्यास, ते दुर्मीळ का आहे, श्रीमंतांच्या महालातच का आढळते आणि खाणकामगार त्याचे नाव घेणे का टाळतात, हे सारे एकाच नियमातून उलगडते. रंग मात्र शक्यतो निळा नको. तो फार वापरून झाला आहे.