काळाचा किल्ला: ‘काळगड’ की ‘कालदुर्ग’? आणि ‘काळाची स्थिरता’ चालेल का?

प्रश्न असा: एका अद्भुत कथेत एक गूढ किल्ला आहे आणि काळाचं स्थैर्य राखणं हे त्याचं काम आहे. त्याला ‘काळगड’ म्हणावं की ‘कालदुर्ग’? आणि ‘काळाची स्थिरता राखणारा किल्ला’ हा शब्दप्रयोग बरोबर आहे का?

आधी दुसरा प्रश्न घेऊ, कारण खरी अडचण तिथे आहे. मराठीत ‘स्थिर’ म्हणजे न हलणारं. पाणी स्थिर झालं म्हणजे वाहायचं थांबलं. त्यामुळे ‘काळाची स्थिरता’ वाचल्यावर या किल्ल्यात काळ गोठला आहे असंच वाचकाला वाटेल. कथेला तर नेमकं उलट हवं आहे: काळ वाहत राहावा, पण आपल्या पात्रातून, एका लयीत. कालची गोष्ट उद्यावर जाण्याचा धोका असेल तर ‘कालक्रम सांभाळणारा’ लिहा. वेग कमीजास्त होण्याचा धोका असेल तर ‘काळाची गती राखणारा’. दोन्ही असेल तर ‘काळाचा ओघ राखणारा’ सर्वांत चांगलं, कारण ‘काळाच्या ओघात’ हे आपल्या रोजच्या बोलण्यातलंच आहे.

आणि इथेच मराठी तुमच्या मदतीला येते. ‘तट’ या शब्दाचे दोन अर्थ आहेत: नदीचा काठ आणि किल्ल्याची भिंत. नदीचा तट पाणी अडवत नाही, त्याला वाट दाखवतो. काळाच्या किल्ल्याचा तटही तसाच हवा. एकदा हे धरलं की बिघाडाची क्रियापदं आपोआप सापडतात. तटाला खिंडार पडलं की काळ पाझरतो, कुठे तुंबतो, कुठे आटतो, कुठे तट ओलांडून जातो. ‘काळ अस्थिर झाला’ यापेक्षा ‘काळ तुंबला’ कितीतरी जिवंत आहे. तटावर फिरणाऱ्या पहारेकऱ्यालाही एक नेमका शब्द तयार आहे: तटस्थ. मूळ अर्थ काठावर उभा असलेला, म्हणजे ज्याला ओघ वाहून नेत नाही तो.

आता नाव. ‘काल’ आणि ‘काळ’ हा एकच शब्द असला तरी त्यांची कामं वाटलेली आहेत. संस्कृत समासात बहुधा ल राहतो: कालगणना, कालखंड, कालबाह्य, कालचक्र. घरगुती शब्दांत ळ येतो: सुकाळ, दुष्काळ, संध्याकाळ. सुटा शब्द मात्र ‘काळ’च लिहावा. ‘कालाचा रक्षक’ कृत्रिम वाटतं, आणि लिहिताना एक काना राहिला तर तो ‘कालचा रक्षक’, म्हणजे आदल्या दिवसाचा पहारेकरी होतो.

‘काळगड’मध्ये वेगळीच पंचाईत आहे. सुरुवातीच्या ‘काळ’मधून काळा रंग आणि मृत्यू दोन्ही ऐकू येतात. ‘काळ आला होता, पण वेळ आली नव्हती’ या म्हणीत काळ म्हणजे मरणच. किल्ला भयाण हवा असेल तर ‘काळगड’ उत्तम, रक्षक हवा असेल तर नको. ‘कालकोट’ तर टाळाच, लगेच काळकोठडी आठवते. (म्हणीतली ‘वेळ’ही बघा. नेमका क्षण असेल तर ती स्त्रीलिंगी: गाडीची वेळ गेली. अवधी असेल तर तो पुल्लिंगी: माझा वेळ गेला. किल्ल्यातल्या संवादांत हा फरक जपला नाही तर अर्थच बदलतो.)

उत्तरपदाबद्दल, म्हणजे नावाच्या दुसऱ्या भागाबद्दल: ‘दुर्ग’ म्हणजे जिथे जाणं अवघड ते ठिकाण. त्याला डोंगराची अट नाही, सिंधुदुर्ग आणि सुवर्णदुर्ग समुद्रात आहेत. ‘गड’ म्हटलं की डोंगर आलाच, म्हणून आपण गडावर ‘चढतो’ आणि भुईकोटात ‘शिरतो’. ‘किल्ला’ अरबीतून फारसीमार्गे आला. तो सर्वांना चालतो, पण विशेषनामाच्या शेवटी शोभत नाही. म्हणून ‘कालदुर्ग’ घ्या. एक लक्षात असू द्या, पालघरजवळ काळदुर्ग नावाचा खरा किल्ला आहे. तेव्हा पहिल्याच उल्लेखात ल स्पष्ट दिसू द्या आणि कथेत पुढे या नावात कुठेही ळ घुसू देऊ नका.

आत काळ मोजायला घड्याळाऐवजी घटिकापात्र ठेवलंत तर भाषा आणखी घट्ट होईल. बुडाला बारीक भोक असलेली तांब्याची वाटी मोठ्या भांड्यातल्या पाण्यावर सोडतात. ती भरून बुडाली की एक घटका झाली, म्हणजे 24 मिनिटं. 60 पळांची एक घटका, 60 घटकांचं एक अहोरात्र, साडेसात घटकांचा एक प्रहर. भोकात गाळ किंवा क्षार साचला की वाटी उशिरा भरते आणि घटका लांबते. भोक झिजून मोठं झालं की ती आखूड होते. तुमच्या किल्ल्यातला बिघाड इतक्या साध्या जागेपासून सुरू करता येईल. ‘घटका भरली’ हा वाक्प्रचार मात्र जपून वापरा: वाटीबद्दल ते साधं विधान आहे, माणसाबद्दल त्याचं मरण.

किल्ल्याच्या प्रमुखाला ‘कालरक्षक’ म्हणण्यापेक्षा ‘कोतवाल’ म्हणा. हा शब्द ‘कोट्टपाल’वरून आला आहे, म्हणजे कोट राखणारा. शिवकालीन व्यवस्थेची छटा हवी असेल तर किल्ल्यावर हवालदार, सबनीस आणि कारखानीस असे तिघे ठेवा. किल्ल्या हवालदाराकडे, हजेरी आणि हिशेब सबनिसाकडे, कोठार कारखानिसाकडे. घटकांची नोंद मग साहजिकच सबनिसाच्या दप्तरात जाईल.