हॅमचं हाड टाकू नकोस, बीन्सचं सूप कर

इस्टर किंवा ख्रिसमस उलटला की अमेरिकेतल्या दुकानांत हॅमचे, म्हणजे डुकराच्या मांडीच्या खारवलेल्या मांसाचे, भाव उतरतात. तेव्हा हाडासकट घे. मांस सँडविचला संपव आणि हाड फ्रीझरमध्ये ठेव, कारण सूपची खरी चव त्यातच आहे. हाड नसेल तर स्मोक्ड हॅम हॉक, म्हणजे डुकराच्या पायाचा घोट्याजवळचा धुरी दिलेला तुकडा, चालतो.

अर्धा किलो सुके नेव्ही बीन्स, म्हणजे बारीक पांढरा घेवडा, रात्रभर भिजव. सकाळी पाणी बदल आणि हाडासकट मंद आचेवर दीड-दोन तास शिजू दे. परतलेला कांदा, गाजर, सेलरी आणि एक तमालपत्र, एवढं पुरे. फोडणीचा मोह आवर, बाळा! वॉशिंग्टनला सिनेटच्या उपाहारगृहात रोज मिळणारं प्रसिद्ध सूपसुद्धा बीन्स, हॅम हॉक आणि कांदा यांवरच उभं आहे.

मीठ अगदी शेवटी, चाखून. हॅम मुळातच खारट असतो. टोमॅटो किंवा व्हिनेगरही बीन्स शिजल्यावरच घाल, नाहीतर दाणा टणक राहतो. दाणा बोटांत सहज चेपला गेला, आत कणी लागली नाही, की झालं. मग दोन-तीन डाव बीन्स पातेल्याच्या कडेला घोटून टाक. सूप छान दाटतं, क्रीम लागत नाही.

नेव्हीऐवजी राजमा वापरलास तर तो स्लो कुकरमध्ये कच्चा अजिबात टाकू नकोस. भिजवलेलं पाणी फेकून नव्या पाण्यात आधी किमान दहा मिनिटं खळखळून उकळ. त्यातलं लेक्टिन नावाचं अपायकारक प्रथिन मंद आचेवर जात नाही आणि उलट्या-जुलाब होतात.

दुसऱ्या दिवशी सूप घट्ट होतं, तेव्हा गरम करताना थोडं पाणी घाल.