रेकॉर्ड लेबलमध्ये वर जायची वाट हिशेबातूनही जाते

वाद्य येत नाही, वाणिज्य शाखेची पदवी आहे, तरी रेकॉर्ड लेबलमध्ये, म्हणजे गाणी रेकॉर्ड करून विकणाऱ्या कंपनीत, मोठ्या पदापर्यंत पोहोचता येईल का, असं तुम्ही विचारलंय. नक्की येईल. क्लाइव्ह डेव्हिस वकील होते. कोलंबिया रेकॉर्ड्स या अमेरिकी कंपनीचं कायद्याचं काम बघता बघता 1967 मध्ये ते तिथले अध्यक्ष झाले. त्याच वर्षी कॅलिफोर्नियातल्या माँटेरेच्या संगीत महोत्सवात त्यांनी गायिका जॅनिस जॉप्लिनला ऐकलं आणि पुढे तिच्या बँडला करारबद्ध केलं. पुढे वॉर्नर ब्रदर्स रेकॉर्ड्सचे प्रमुख झालेले मो ऑस्टिन तर हिशेबाच्या कामातूनच वर आले.

म्हणून माझा आग्रह असा, की सुरुवात रॉयल्टी (कमाईतला कलाकाराचा वाटा) किंवा हक्कांच्या विभागात करा. बहुतेक जण थेट एअँडआर, म्हणजे नवे कलाकार शोधण्याचं काम मागतात. पण धंदा कळतो तो करारात. गाण्याच्या रचनेचा हक्क वेगळा आणि रेकॉर्डिंगचा, म्हणजे मास्टरचा, वेगळा. हे दोन्ही कोणाकडे आणि किती वर्षं, यावर पुढचं सगळं ठरतं. आगाऊ रकमेचंही तसंच. कलाकाराला 100 दिले आणि रॉयल्टी 20 टक्के ठरली, तर रेकॉर्डवर 500 जमेपर्यंत त्याच्या हातात पुढचा पैसा येत नाही, कारण त्याच्या वाट्यातूनच ते 100 वळते होतात. रेकॉर्डिंगचा खर्चही बहुधा त्याच खात्यात पडतो. हे गणित कलाकाराला सहीच्या आधी नीट समजावणारा अधिकारी मला मोलाचा वाटतो. असे फार कमी भेटतात.

कान लागतो, यात वाद नाही. त्याहून जास्त लागतो धीर. निर्माते जॉन हॅमंड यांनी 1961 मध्ये गायक बॉब डिलनला कोलंबिया रेकॉर्ड्समध्ये आणलं. पहिली रेकॉर्ड फारशी खपली नाही आणि कंपनीतले लोक या निवडीला 'हॅमंडचा वेडेपणा' म्हणू लागले. हॅमंड हटले नाहीत. पहिल्या अपयशानंतर कलाकारासाठी पुन्हा पैसे मागायला बैठकीत उभं राहावं लागतं, आणि माझ्या मते या पदाची खरी परीक्षा तिथेच होते. आता स्ट्रीमिंगचे आकडे रोज समोर असतात. ते जरूर वाचा, पण कलाकार किती दूर जाईल हे त्यातून कळत नाही. त्याला गर्दीसमोर गाताना बघा, तेही एकापेक्षा जास्त वेळा.

मोठ्या कंपनीतच जायचा हट्ट नको. लहान लेबलमध्ये एकाच माणसाला करार, प्रसिद्धी, वितरण सगळं करावं लागतं, त्यामुळे शिकणं झपाट्यानं होतं. बेरी गॉर्डी यांनी 1959 मध्ये डेट्रॉइटमध्ये घरच्यांकडून 800 डॉलर उसने घेऊन काम सुरू केलं, त्यातूनच मोटाउन ही रेकॉर्ड कंपनी उभी राहिली. कोणतं गाणं बाजारात जाणार यावर तिथे बैठकीत मतदान होई. संधी मिळेल तिथे अशा निवडीच्या बैठकांना बसा. कोण कशाला नाही म्हणतो आणि का म्हणतो, ते लिहून ठेवा.