गाबोळी ओळखणाऱ्या घरातली मुलगी

ताई, नमस्कार.

हर्णैहून पाठवलेलं पत्र मिळालं. तुम्ही मासळी विकता, घरची होडी आहे, मुलगी बारावी सायन्सला. तुम्ही तिला नर्सिंगला घालणार होतात, ती म्हणते, "समुद्र तापल्यावर मासळीचं काय होतं ते मी शिकणार आणि आपल्या माणसांना सांगणार." तुम्ही विचारता, यात पोट भरतं का? आणि रोजचा समुद्र शिकायला कॉलेज कशाला?

आधी दुसऱ्या प्रश्नाचं बोलते. बांगडा चिरताना गाबोळी, म्हणजे पोटातली अंडी, किती भरलीय, हे तुम्हाला बोट लावताच कळतं. सागरी जीवशास्त्रज्ञही तेच बघतात. मासा मोजायचा, वजन करायचं, पोट चिरून गाबोळीची अवस्था लिहायची, आणि वर्षानुवर्षांच्या या नोंदी पाण्याच्या तापमानाशी ताडून बघायच्या. माणसामुळे पृथ्वीवर जी जादा उष्णता साठली, तिच्यातली ९० टक्क्यांहून जास्त समुद्राने पोटात घेतली आहे. तापलेल्या पाण्यात प्राणवायू कमी मावतो. वर गरम पाण्याचा थर बसला की खालचं थंड, सकस पाणी सहज वर येत नाही आणि तारली-बांगड्याला मिळणारं खाणं घटतं. अंडी घालायचा हंगाम सरकला, तर पावसाळी मासेमारी बंदीचे दिवस बरोबर आहेत का, हेही तपासावं लागेल. ते आठवणीवर ठरत नाही, त्याला नोंदी लागतात. कॉलेज त्यासाठी.

आता पोटाचं. शिरगाव, रत्नागिरीला दापोलीच्या कोकण कृषी विद्यापीठाचं मत्स्य महाविद्यालय आहे. तिथली चार वर्षांची बी.एफ.एस्सी., म्हणजे मत्स्यशास्त्राची पदवी, मी पहिली सुचवेन. त्या पदवीवर मत्स्य विभाग, कोळंबी संवर्धन, मासळी प्रक्रिया अशा वाटा उघडतात, आणि पुढे संशोधन करायचं तर वर्सोव्याला केंद्रीय मात्स्यिकी शिक्षण संस्था आहे. नुसतं समुद्रविज्ञानच हवं असेल तर बी.एस्सी., मग सागरी विज्ञानात एम.एस्सी.; गोव्यात दोना पावला इथे राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था आहे. नेट परीक्षेतून जेआरएफ ही संशोधनाची शिष्यवृत्ती मिळाली तर पीएचडी करताना सुरुवातीला महिना ३७,००० रुपये विद्यावेतन मिळतं. पण कायमची नोकरी लागेपर्यंत बऱ्याचदा तिशी उजाडते, मधली कामं प्रकल्प संपला की संपतात. हे तिच्यापासून लपवू नका. आणि गणित सुटू देऊ नका. समुद्राच्या ओढीने आलेली कितीतरी मुलं संख्याशास्त्रापाशी अडतात.

तिचं दुसरं वाक्य मला जास्त मोलाचं वाटलं: "आपल्या माणसांना सांगणार." बंदरावर उभं राहून, जाळं विणणाऱ्या माणसाला त्याच्याच बोलीत हे समजावू शकणारे अभ्यासक फार थोडे आहेत. ते अवघडही आहे. मासळी कमी झाली की सगळा दोष तापलेल्या पाण्यावर टाकणं सोपं असतं. त्यात थवाच्या थवा वेढणाऱ्या पर्ससीन जाळ्यांचा, मासे ओढून घेणाऱ्या एलईडीच्या दिव्यांचा वाटा किती, हेही तिला बोलावं लागेल, आणि समोर कदाचित तिचा सख्खा मामा बसलेला असेल. तेव्हा तिच्या पाठीशी तुम्ही लागाल.

सध्या सीईटीचा अभ्यास होऊ दे. परीक्षा संपली की एक जाड वही आणि साधा पाण्याचा थर्मामीटर घेऊन द्या, संध्याकाळच्या लिलावाला सोबत न्या. तारीख, कुठली मासळी किती आली, पाणी किती गरम, एवढं ती लिहील. गाबोळीचा रकाना तुम्ही सांगा.