उलट्या थांबल्या म्हणून घरी थांबू नका

आधी वडिलांना हॉस्पिटलात न्या, बाकीचं नंतर वाचा. रात्री आठला रानातल्या अळंबीची भाजी खाल्ली, पहाटे चारला उलट्या-जुलाब सुरू झाले आणि आता दुपारी त्यांना बरं वाटतंय, असं तुम्ही लिहिलंय. मला भीती या बरं वाटण्याचीच आहे. खाल्ल्यावर तासा-दोन तासांत उलट्या झाल्या तर बहुतेक वेळा त्रास पोटापुरता राहतो. सहा तास उलटल्यावर सुरू झाला तर अ‍ॅमाटॉक्सिन या अळंबीतल्या घातक विषाचा संशय धरायचाच. हे विष उकळून, तळून, वाळवून जात नाही. दुसऱ्या दिवशी पोट शांत होतं, माणूस चहा मागतो, आणि आत यकृत खराब होत असतं. डोळे पिवळे दिसेपर्यंत फार उशीर होतो.

गाडी नसेल तर 108 ला फोन करा. ज्यांनी ज्यांनी ती भाजी खाल्ली ते सगळे जा, काही होत नसलं तरी. मिठाचं पाणी पाजून उलटी काढू नका, जुलाब थांबवायची गोळी देऊ नका. नीट शुद्धीवर असतील तर ओआरएस घोट घोट द्या. उरलेली भाजी डब्यात घ्या, कच्ची अळंबी कागदात गुंडाळा (प्लॅस्टिकमध्ये लगेच कुजते), कचऱ्यात टाकलेले देठही उचला. डॉक्टरांना जेवणाची आणि पहिल्या उलटीची वेळ सांगा. एलएफटी (यकृताची तपासणी) आणि पीटी-आयएनआर (रक्त गोठण्याची तपासणी) आज नॉर्मल आले तरी पुढचे दोन-तीन दिवस पुन्हा पुन्हा करायला लागतात, हे आग्रहाने विचारा.

चांदीचं नाणं काळं पडलं नाही म्हणून खाल्ली, असंही तुम्ही लिहिलंय. या विषाने चांदी काळी पडत नाही. किड्याने, गोगलगायीने खाल्लेली असली तरी माणसाला चालेलच असं नाही.

वारुळावरच्या, खाण्याच्या अळंबीच्या टोपीला बहुधा मधोमध टोक असतं आणि देठ मुळासारखा खोल, थेट वाळवीच्या घरापर्यंत गेलेला असतो. म्हणून ती खणूनच काढावी. वरून उपटली तर अ‍ॅमनिटा नावाच्या विषारी अळंबीच्या बुडाशी असते ती पांढरी पिशवी मातीतच राहते आणि सगळ्यात मोठी खूणच हातची जाते. पण पिशवी नाही म्हणून निर्धास्त होऊ नका: लेपिओटा नावाच्या छोट्या खवलेदार छत्र्यांना पिशवी नसते, त्यातल्या काहींत विष मात्र हेच असतं. लॉनवर, गुरांच्या कुरणात उगवणारी, तपकिरी खवल्यांची मोठी पांढरी छत्रीही सोडून द्या. पूर्ण उमललेली तिची टोपी रात्रभर पांढऱ्या कागदावर पालथी ठेवली तर सकाळी हिरवट भुकटी पडलेली दिसते. वारुळावरच्या अळंबीची भुकटी फिकट गुलाबी असते.