बियाणं निघालं नाही, आता काय करू?

ताई, मी दारव्हा तालुक्यातला. कृषी केंद्रातून सोयाबीनच्या चार बॅगा आणल्या, चांगला पाऊस झाल्यावरच पेरल्या. दहा दिवस झाले, तासात कुठं कुठं एखादा कोंब दिसते, बाकी सारं वावर उघडं. बाजूच्या भावानं त्याच दिवशी घरचं बियाणं पेरलं त्याचं मस्त निघालं. दुकानदार म्हणते तुमी खोल पेरलं असन. बिल मागतलं तं म्हणते कच्ची चिठ्ठी दिली ना. आमचे काका म्हणतात शेतकऱ्याले ग्राहक कोर्ट नसते, ते दुकानातल्या गिऱ्हाइकासाठी असते. खरं हाय का?

भाऊ, काकांना सांगा, नाही. कंपन्या हाच मुद्दा वर्षानुवर्षं मांडत होत्या, की शेती म्हणजे धंदा, धंद्यासाठी बियाणं घेणारा ग्राहक कसा? सुप्रीम कोर्टानं 2012 मध्ये राष्ट्रीय बीज निगम या सरकारी बियाणं कंपनीच्या केसमध्ये ते साफ नाकारलं. शेतकरी ग्राहकच आहे. आणि त्याच निकालात आणखी एक कामाची गोष्ट आहे, कंपनी म्हणायची की लॅबमध्ये तपासायला बियाणं कुठंय, तर कोर्ट म्हणालं की पेरायला आणलेलं बियाणं खराब निघेल असं धरून शेतकरी थोडं बाजूला काढून ठेवेल ही अपेक्षाच चुकीची. तरी तुमच्या बॅगेच्या तळाशी मूठभर उरलं असेल तर फेकू नका बाप्पा.

पण आता कोर्ट नंतर, आधी वावर. तुम्हाला दुबार पेरणीची घाई असणार हे मला कळते, पण सगळं वावर मोडू नका, काही तास तसेच ठेवा. आजच तालुका कृषी अधिकाऱ्याकडे लेखी अर्ज द्या, बॅगेवरचा लॉट नंबर त्यात लिहा अन् अर्जाच्या झेरॉक्सवर पोचचा शिक्का घ्या. शिक्क्याशिवाय परत येऊ नका. मग तालुक्याची तक्रार निवारण समिती वावरात येऊन पंचनामा करते. तिथं तुम्ही नुसते हात बांधून उभे राहू नका. उगवण किती टक्के एवढंच लिहून समिती निघून गेली तर पुढे कंपनी म्हणते, उगवलं नाही ते पाण्यामुळं. म्हणून पाऊस किती झाला होता, पेरणी किती खोल होती (सोयाबीन साधारण तीन-चार सेंटिमीटरच्या खाली जाऊ नये), बाजूच्या वावरात त्याच दिवशीचं पीक कसं आहे, हे सगळं लिहून घ्यायला लावा. दुकानदार आणि कंपनीला पाहणीची नोटीस गेली का तेही विचारा, कारण आमच्या पाठीमागे पंचनामा केला हे त्यांचं ठरलेलं उत्तर असते.

मूठभर बियाणं असेल तर घरीच शंभर दाणे मोजा, ओल्या गोणपाटात गुंडाळून ठेवा, चार-पाच दिवसांनी कोंब मोजा. प्रमाणित सोयाबीनला कमीत कमी 70 टक्के उगवण लागते. घरची चाचणी हा काही लॅबचा रिपोर्ट नाही, पण आपली बाजू किती मजबूत हे आपल्याला तरी समजते. खरं म्हणजे हे पेरणीच्या आधी करायचं असते, पुढच्या सालापासून करा.

बिलाचं म्हणाल तर बिल न देणं हीच 2019 च्या ग्राहक संरक्षण कायद्यात अनुचित व्यापार प्रथा आहे. म्हणजे दुकानदार जे शान मारत सांगतो ना, कच्ची चिठ्ठी दिली, ते त्याच्याच अंगावर येऊ शकते. ती चिठ्ठी, रिकाम्या बॅगा अन् त्याच्यावरचं लेबल-टॅग एका पिशवीत घालून ठेवा. फोटोही काढा. माझ्याच घरची गोष्ट, पंपाचं बिल रेशन कार्डाच्या डब्यात जपून ठेवलं होतं, मोटर जळाली तेव्हा काढलं तर कागद कोरा! ती मशीनमधली चिठ्ठी होती, शाई उडून गेली. दुकानदार हसला अन् मी घरी आले.

भरपाई मिळाली नाही तर यवतमाळच्या जिल्हा ग्राहक आयोगात जा. कंपनी परराज्यातली असली तरी चालते, तुम्ही जिथं राहता तिथं केस टाकता येते. माल पाच लाखांपर्यंतचा असेल तर फी शून्य. वकील लावलाच पाहिजे असं नाही, अर्जही ऑनलाइन जातो. बियाण्याच्या पैशाबरोबर पिकाचं नुकसान अन् केसचा खर्चही मागा. मुदत दोन वर्षांची आहे पण दोन वर्षं थांबलात तर वावरातला पुरावा राहत नाही.

मिक्सर आणला, तिसऱ्या दिवशी धूर. बिलावर छापलंय "विकलेला माल परत घेतला जाणार नाही". मग संपलंच ना? – एक वाचक, वणी

नाही संपलं ताई. ते छापून कायदा बदलत नाही. खराब निघालेला माल बिलावरच्या मुदतीत, अन् मुदतच लिहिली नसेल तर 30 दिवसांत, परत घेऊन पैसे न देणं ही पण अनुचित प्रथाच. रंग आवडला नाही म्हणून परत करत असाल तर मात्र दुकानदाराची मर्जी. आधी 1915 या राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनवर फोन करा, पैसे लागत नाहीत, तक्रार नोंदवून ते कंपनीला विचारतात. अन् तो मिक्सर गावातल्या मेकॅनिककडून खोलून घेऊ नका, नाहीतर मशीन तुम्हीच बिघडवली म्हणतील.