तुमचे प्रश्न: सुमित्रा भावेंचा सिनेमा देवाच्या बाजूचा की विरुद्ध?

प्रश्न : सुमित्रा भावेंचा 'दिठी' बघितला आणि घरात वाद पेटला. सासरे म्हणतात हा पक्का वारकरी सिनेमा आहे, मला वाटलं बाई विठ्ठलालाच जाब विचारतायत. नक्की काय समजायचं? आणि त्यांचं आधीचं काय बघू?
– एक वाचक, सांगली

उत्तर : सासऱ्यांची माफी मागून सांगतो, मी तुमच्या बाजूला झुकतोय, पण जाब विचारणं हेही वारकऱ्याचंच काम आहे हो, तुकोबांनी काय कमी भांडण केलंय? 'दिठी' आहे दि. बा. मोकाशींच्या कथेवर, आणि मोकाशी म्हणजे वारीबरोबर स्वतः चालून 'पालखी' लिहिणारा माणूस, त्यामुळे लांबून बघून काहीतरी लिहिलंय असला प्रकार नाही. रामजी लोहार वर्षानुवर्षं वारी करतो, तरणाताठा पोरगा पुरात जातो, आणि मग कसला विठ्ठल नि कसलं काय. पोथी चालू असते, सोबती समजावतात, पण त्याच्या आत काही म्हणजे काही शिरत नाही. तेवढ्यात गाय अडते आणि गावात ते काम जमतं ते यालाच, मग पावसात उठून जातो. तिथे रामजी झालेल्या किशोर कदमचे हात बघा, गाईला चुचकारत, अंदाज घेत चाललेले, ते वासरू सोडवताना तो माणूस सुटत जातो. भाषण नाही, चमत्कार नाही.

हे असं भावेंना सुचायचं कारण बाई मूळच्या सिनेमावाल्या नाहीतच, समाजकार्यातल्या. पुण्यात कर्वे समाज सेवा संस्थेत शिकवायच्या. वस्तीतल्या बायकांचा अभ्यास करायचा आणि तो अहवाल त्या बायकांनाच वाचता येणार नाही, मग उपयोग काय, म्हणून फिल्मकडे वळल्या आणि 1985 मध्ये 'बाई' नावाची छोटी फिल्म केली. पुढे बरेच सिनेमे दिग्दर्शक सुनील सुकथनकरांबरोबर, कथा-पटकथा मात्र बहुतेक वेळा बाईंचीच. त्यामुळे देव आहे की नाही यात त्यांना फारसा रस दिसत नाही, श्रद्धा घरात, शेजारात काय करते ते बघायचं असायचं.

आधीचं म्हणाल तर 'कासव'ला सुवर्णकमळ आहे, पण मी 'अस्तु' आधी बघायला सांगेन. संस्कृतचे मोठे पंडित, स्मृती गेलेली, हत्तीच्या मागे चालत जातात आणि माहुताची बायको चन्नम्मा त्यांना लेकरासारखं सांभाळते. ते तिला आईच समजतात. ना जात विचारली जाते ना पांडित्य. चन्नम्मा झालेल्या अमृता सुभाषला त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि मिळायलाच हवा होता. मग 'वास्तुपुरुष', वाडा आणि त्यातल्या समजुती बघायला.

'देवराई' शेवटी ठेवा. स्किझोफ्रेनिया या मानसिक आजाराच्या रुग्णाच्या कामात अतुल कुलकर्णी जबरदस्त, देवाच्या नावानं राखलेलं कोकणातलं रान पण छान आलंय, फक्त त्या आजाराची माहिती मधेमधे वर्गात बसवून दिल्यासारखी होते. बाईंमधल्या मास्तरीणबाई काही सुटत नाहीत.